मानेच्या मणक्यांची झीज : दोन वैद्यांचा वाद

मानेच्या भागात सात मणके असतात. त्यांपैकी वरचे दोन डोके तोलण्यासाठी आणि वळवण्यासाठी निराळ्या घडणीचे असल्यामुळे त्यांच्यामध्ये चकती नसते. दुसऱ्या मणक्यापासून खाली मात्र प्रत्येक दोन मणक्यांमध्ये एक चकती असते, जिचे बाहेरचे कडे चिवट तंतूंचे आणि आतला गाभा पाणी धरून ठेवणाऱ्या मऊ द्रव्याचा असतो. प्रौढ वयात या गाभ्यापर्यंत एकही रक्तवाहिनी पोचत नाही, त्याचे पोषण वरच्या आणि खालच्या मणक्यांना चिकटलेल्या कूर्चेच्या पातळ थरातून झिरपत येते, आणि वयाबरोबर तो थर कठीण होऊ लागला की हे झिरपणे मंदावते. मग गाभ्याची पाणी धरण्याची शक्ती घटते, चकतीची उंची कमी होते, तिने पेललेला भार कडेच्या लहान सांध्यांवर सरकतो, त्या सांध्यांच्या आणि मणक्यांच्या कडांना हाडाची नवी वाढ फुटते, आणि मणक्यांना मागून जोडणारा पिवळसर लवचीक पट्टा, ज्याला पीत अस्थिबंध म्हणतात, तो सैल व जाड होऊन मज्जारज्जूच्या नळीत आत वळतो. या साऱ्या बदलांना मिळून सर्व्हायकल स्पॉन्डिलोसिस हे नाव आहे. पाचव्या-सहाव्या आणि सहाव्या-सातव्या मणक्यांमधल्या जागी हे बदल बहुधा आधी आणि अधिक दिसतात.

इथपर्यंत वैद्यकात फारसे दुमत नाही. दुमत सुरू होते ते या बदलांना वार्धक्य म्हणावे की व्याधी, आणि रुग्णाला त्याविषयी काय सांगावे, या प्रश्नापाशी. पुढील संवादात ही दोन मते दोन कल्पित वक्त्यांच्या तोंडी ठेवली आहेत : एक, तालुक्याच्या गावी अनेक वर्षे व्यवसाय करणारे ज्येष्ठ कुटुंबवैद्य, दुसरे, त्यांच्याहून वयाने बरेच लहान असलेले आणि शहरात मणक्यांच्या शस्त्रक्रिया करणारे शल्यविशारद. दोघांचीही आस्था रुग्णाविषयीच आहे, आणि म्हणूनच त्यांचा मतभेद वरवरचा नाही.

कुटुंबवैद्य : पन्नाशी ओलांडलेल्या कोणाच्याही मानेचे चित्र काढले, तरी त्यात झीज सापडल्याशिवाय राहत नाही. केस पिकणे हा जसा आजार नव्हे, तशी चकती सुकणे हाही नव्हे. अमेरिकेत १९९० साली बोडेन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मानेची कसलीही तक्रार नसलेल्या ६३ स्वयंसेवकांचे एमआरआय काढले, तेव्हा चाळिशीच्या आतल्यांपैकी सुमारे चतुर्थांश आणि चाळिशीपुढच्यांपैकी जवळजवळ ६० टक्के लोकांत एखादी तरी चकती झिजलेली किंवा अरुंद झालेली निघाली. जपानमध्ये २०१५ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात १,२११ धडधाकट माणसे तपासली गेली आणि त्यांपैकी ८७.६ टक्के लोकांची चकती कुठे ना कुठे फुगलेली होती. विशीतले तरुणही त्याला अपवाद नव्हते. अशी स्थिती असताना तपासणी केंद्रातून हातात पडलेल्या कागदावर ‘मणक्यात गॅप’, ‘नस दबली’ असे काही वाचून माणूस घाबरतो, शेतात जायचे थांबतो, मान हलवायलाही भितो, आणि जी मान हालचालीने बरी झाली असती ती भीतीने आखडून बसते. डॉक्टर, या भीतीचे औषध तुमच्या शस्त्रक्रियागृहात नाही.

शल्यविशारद : सर, या आकड्यांबद्दल वाद नाही, आणि चित्र पाहून माणसावर उपचार करू नयेत हेही मान्य आहे. परंतु जपानच्या ज्या अभ्यासाचा आपण आधार घेतला, त्याच अभ्यासात त्या धडधाकट माणसांपैकी सुमारे ५ टक्क्यांच्या मज्जारज्जूवर दाब आलेला आढळला होता, आणि तो दाब असल्याची त्यांना कल्पनाही नव्हती. केस पिकल्याने कोणाच्या बोटांतली ताकद जात नाही. चकतीच्या झिजेने काही जणांची जाते. बहुसंख्यांच्या बाबतीत खरे असलेले वाक्य उरलेल्या थोड्यांना सांगितले, तर त्यांच्या हातून उपचाराची वेळ निघून जाते. ‘वयाप्रमाणे आहे’ हे तसे वाक्य आहे.

येथे दोघांच्या बोलण्यातला एक भेद स्पष्ट करणे आवश्यक आहे, कारण तो न केल्यामुळेच या विषयावरची बरीच चर्चा भरकटते. झिजलेल्या मानेतून तीन वेगवेगळ्या प्रकारच्या तक्रारी उद्भवू शकतात. पहिली म्हणजे निव्वळ मानदुखी : मान आखडणे, खांद्यापर्यंत ठणका जाणे, सकाळी उठल्यावर मान वळवता न येणे. दुसरी मज्जातंतूच्या मुळाची : मणक्यांच्या कडेच्या छिद्रातून बाहेर पडणाऱ्या एखाद्या तंतूवर चकतीचा किंवा वाढलेल्या हाडाचा दाब येतो आणि कळ दंडातून ठरावीक बोटापर्यंत उतरते, सातव्या मुळावर दाब आला तर ती बहुधा मधल्या बोटाकडे जाते. लोक ‘नस दबली’ म्हणतात तो हा प्रकार असून वैद्यकात त्याला रॅडिक्युलोपथी म्हणतात. तिसरी तक्रार मायलोपथीची, म्हणजे खुद्द मज्जारज्जूच्या दुखापतीची : मेंदूकडून हातापायांकडे जाणारा जो मुख्य मार्ग मानेतून जातो, तोच नळी अरुंद झाल्यामुळे दाबला जातो. लंडनचे रसेल ब्रेन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९५२ साली लिहिलेल्या लेखामुळे हे स्पष्ट झाले, की अचानक सरकणारी चकती आणि वर्षानुवर्षे होणारी ही झीज या दोन वेगळ्या गोष्टी आहेत आणि हळूहळू होणारी झीजही मज्जारज्जूला इजा करू शकते. पहिले दोन प्रकार दुखतात, आणि तिसरा पुष्कळदा दुखत नाही. वेदना हेच आजाराचे माप समजणाऱ्या रुग्णाची आणि वैद्याची, दोघांचीही, फसगत इथेच होते.

कुटुंबवैद्य : दुसऱ्या प्रकाराबद्दलही लोकांना जितके घाबरवले जाते तितके घाबरण्याचे कारण नाही. अमेरिकेतील रॉचेस्टर या गावात १९७६ ते १९९० या काळातल्या अशा ५६१ रुग्णांचा मागोवा कुरुपथ राधाकृष्णन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी घेतला. त्यांतल्या सुमारे चतुर्थांश रुग्णांवर शस्त्रक्रिया झाली. पण अखेरच्या तपासणीत ९० टक्के रुग्णांना काहीच त्रास नव्हता किंवा किरकोळ त्रास होता. सरकलेल्या चकतीचा तुकडा शरीर स्वतःच शोषून घेऊ शकते, सूज उतरते, कळ ओसरते. काही आठवडे धीर, वेदनाशामक औषध, मानेच्या व खांद्याच्या स्नायूंचे हलके व्यायाम, आणि कामाची पद्धत थोडी बदलणे, इतक्यावर बहुतेकांचे भागते. या धीराच्या काळात एमआरआय काढून हाती काही लागत नाही. खर्च मात्र होतो, आणि तो खर्च भागवायला एखाद्या घरात दुभते जनावर विकले जाते.

शल्यविशारद : धीर धरायचा हे खरे, फक्त तो धरताना काय पाहत राहायचे ते रुग्णाला सांगितले पाहिजे. हाताची ताकद उतरत चालली, ताप आणि वजन घटणे सोबत आले, रात्री पडल्यावर दुखणे वाढले, किंवा पूर्वी कर्करोग होऊन गेलेला असला, तर ते दुखणे झिजेच्या खात्यात टाकता येत नाही. आपल्या देशात मणक्याचा क्षयरोग अजूनही सर्रास आढळतो आणि तोही सुरुवातीला साधी मानदुखी म्हणूनच येतो. पन्नाशीच्या माणसाची मान दुखते म्हणजे झीजच, असे गृहीत धरले की हे सारे निसटून जाते.

यावर कुटुंबवैद्यांनी हरकत घेतली नाही. पट्ट्याविषयी, उशीविषयी आणि चक्करेविषयीही दोघांचे बरेचसे जमले. मानेचा पट्टा तीव्र कळीच्या पहिल्या काही आठवड्यांत आराम देतो, हे नेदरलँड्समध्ये झालेल्या आणि २००९ साली प्रसिद्ध झालेल्या चाचणीने दाखवले आहे. मात्र तो महिनोन्‌महिने बांधून ठेवला तर मानेचे स्नायू दुबळे होतात, आणि महाराष्ट्रात तो तसाच वर्षभर बांधून हिंडणारी माणसे कमी नाहीत. उशी मुळीच घेऊ नये हा घरोघरी दिला जाणारा सल्ला कुशीवर झोपणाऱ्या माणसाची मान रात्रभर एका बाजूला वाकवून ठेवतो. कान आणि खांदा यांतले अंतर भरून काढील एवढ्या जाडीची उशी त्याला हवीच. केशकर्तनालयात दाढी झाल्यावर मान मोडून घेणे हे झिजलेल्या मानेला धोक्याचे आहे, यावरही दोघे ठाम होते. आणि चक्कर आली की मानेच्या मणक्यावर खापर फोडायचे ही जी सवय वैद्यांना आणि रुग्णांना सारखीच जडली आहे, तिच्यामुळे कानाच्या आतल्या तोलाच्या इंद्रियात सुटलेल्या कणांनी येणारी, आणि डोके ठरावीक पद्धतीने फिरवून काही मिनिटांत बरी करता येणारी चक्कर वर्षानुवर्षे मानेच्या गोळ्यांवर काढली जाते. या शेवटच्या मुद्द्यावर कुटुंबवैद्यांचा आवाज चढला होता, आणि तो योग्यच होता.

मूळ वाद पुन्हा पेटला तो मज्जारज्जूवरून.

शल्यविशारद : सर, मायलोपथीचा रुग्ण दवाखान्यात येतो तेव्हा तो मान दुखते असे म्हणतच नाही. तो म्हणतो, सदऱ्याची बटणे लावायला वेळ लागतो. बाई म्हणते, साडीच्या निऱ्या नीट पडत नाहीत, सुईत दोरा ओवता येत नाही, भाकरीचा तुकडा मोडताना बोटे वळत नाहीत. दुकानदाराला गल्ल्यातली नाणी वेचता येत नाहीत. पायांतली चप्पल वाटेत निसटून मागे राहते आणि चार पावले गेल्यावर ते ध्यानात येते. अंधारात किंवा डोळे मिटून तोंड धुताना तोल जातो. यांपैकी प्रत्येक गोष्ट वयावर, अशक्तपणावर, मधुमेहावर, नजरेवर ढकलता येते, आणि ढकलली जाते. २०१३ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात पहिल्या लक्षणापासून अचूक निदानापर्यंत सरासरी दोन वर्षांहून अधिक काळ गेलेला आढळला, आणि त्या दरम्यान कित्येकांना मनगटाची नस दबल्याचे चुकीचे निदान मिळाले होते. मज्जारज्जूतील पेशी एकदा मेल्या की त्या परत येत नाहीत. शस्त्रक्रिया दाब काढते, गेलेले सारे परत आणत नाही. म्हणून ही दोन वर्षे फार महाग पडतात.

कुटुंबवैद्य : म्हणजे प्रत्येक मानेचा एमआरआय काढायचा?

शल्यविशारद : मुळीच नाही. प्रत्येक हात तपासायचा. रुग्णाला दहा सेकंदांत जितक्या वेळा जमेल तितक्या वेळा मूठ पूर्ण मिटायला आणि पूर्ण उघडायला सांगावे. निरोगी माणूस ती वीस किंवा त्याहून अधिक वेळा उघडमीट करतो, मज्जारज्जू दाबली गेली असेल तर ती संख्या घटते आणि बोटे उघडताना अडखळतात. हात पुढे करून बोटे जुळवून धरायला सांगितली तर अशा रुग्णाची करंगळी आपोआप बाजूला सरकते. जपानच्या ओनो आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९८७ साली या हाताचे नेमके वर्णन करून ठेवले आहे. मधल्या बोटाचे नख टिचकी मारून सोडले की अंगठा आत वळतो, त्याला हॉफमन यांचे चिन्ह म्हणतात. मान छातीकडे वाकवली की पाठीतून खाली विजेसारखा झटका जातो, ते लेर्मित यांचे चिन्ह. गुडघ्यावर हातोडी मारली की पाय नेहमीपेक्षा जोरात उडतो. एका सरळ रेषेत टाचेला पुढच्या पायाचा अंगठा लावत चालायला सांगितले की तोल कळतो. याला पाच मिनिटे लागतात, यंत्र लागत नाही. यांपैकी काही सापडले तर मात्र चित्र काढायलाच हवे, मग मान दुखत असो वा नसो.

या उत्तरात वादाची दिशा बदलणारा मुद्दा आहे. झीज हे वार्धक्य की व्याधी, हा प्रश्न चित्राकडे पाहून सुटणार नाही, कारण एकाच प्रकारचे चित्र निरोगी माणसाचेही असू शकते आणि पांगळे होत चाललेल्या माणसाचेही. फरक हातापायांच्या कामात आहे. त्यातही काही शरीरांना हा धोका जन्मापासूनच अधिक असतो : मानेच्या मधल्या आणि खालच्या भागातील मज्जारज्जूच्या नळीची पुढून मागे रुंदी साधारणपणे १७ मिलिमीटरच्या आसपास असते, परंतु काहींच्या बाबतीत ती मुळातच १३ मिलिमीटरपेक्षा कमी असते, आणि अशा माणसाला झिजेमुळे गमावायला जागाच उरलेली नसते. मान मागे टाकली की ही नळी आणखी अरुंद होते. म्हणून अशी मान असलेला वयस्कर माणूस न्हाणीघरात घसरून कपाळावर किंवा हनुवटीवर आपटला, मान झटक्याने मागे गेली, तर हाड न मोडताही मज्जारज्जूच्या मध्यभागी इजा होऊ शकते, जिच्यात पायांपेक्षा हात अधिक लुळे पडतात. अमेरिकेतील शल्यविशारद श्नायडर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९५४ साली या प्रकाराचे वर्णन केले. पडल्यावर चालत घरी आलेल्या पण हाताने पेला न धरता येणाऱ्या आजोबांना ‘मार बसला आहे, उतरेल’ असे सांगून झोपवले जाते, हे फार खेदाचे आहे.

कुटुंबवैद्य : हात तपासण्याविषयी तुम्ही म्हणता ते मनापासून मान्य. पण दाब सापडला म्हणजे चाकू लावायचाच, हे मान्य नाही. लीस आणि टर्नर यांनी १९६३ साली अशा रुग्णांचा दीर्घकाळ मागोवा घेऊन दाखवले होते, की त्यांच्यातल्या पुष्कळांची स्थिती वर्षानुवर्षे जवळपास आहे तशीच राहते. चेक प्रजासत्ताकातील बर्नो शहरात कदान्का आणि सहकाऱ्यांनी सौम्य आणि मध्यम दर्जाच्या रुग्णांचे चिठ्ठ्या टाकल्याप्रमाणे दोन गट पाडले, एकावर शस्त्रक्रिया केली, दुसऱ्यावर केली नाही, आणि दहा वर्षांनीही दोन्ही गटांत म्हणण्यासारखा फरक आढळला नाही. सत्तरीच्या माणसाच्या गळ्यातून शिरून मणके जोडणे ही लहान गोष्ट नाही. गिळताना त्रास होतो, आवाज बसतो, आणि जोडलेल्या मणक्यांच्या शेजारच्या चकत्यांवर पुढे ताण येतो.

शल्यविशारद : बर्नोच्या अभ्यासात रुग्ण थोडे होते आणि गंभीर दर्जाचे नव्हते, त्यावरून सर्वांविषयी निष्कर्ष काढता येत नाही. क्लार्क आणि रॉबिन्सन यांनी १९५६ साली १२० रुग्णांचा अभ्यास केला होता. त्यांतल्या सुमारे तीन-चतुर्थांश लोकांचा आजार पायरी-पायरीने उतरत गेला : मध्ये काही काळ स्थिर, मग अचानक एक पायरी खाली. आपण ज्या स्थिर वर्षांविषयी बोलता ती वर्षे म्हणजे कदाचित दोन पायऱ्यांमधले अंतर असेल. पुढे उत्तर अमेरिकेत फेलिंग्ज आणि सहकाऱ्यांनी २०१३ साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात शस्त्रक्रियेनंतर सौम्य, मध्यम आणि गंभीर अशा तिन्ही दर्जांच्या रुग्णांत सुधारणा दिसली. गळ्याच्या बाजूने चकती काढून मणके जोडण्याची पद्धत १९५८ पासून रुळलेली आहे, आणि मागच्या बाजूने नळीचे छत दारासारखे उघडून जागा करण्याची पद्धत जपानच्या हिराबायाशी यांनी आणली, जिच्यात मणके जोडावे लागत नाहीत.

कुटुंबवैद्य : पण त्या २०१३ च्या अभ्यासात शस्त्रक्रिया न केलेला गट होता का?

शल्यविशारद : नव्हता. आणि गंभीर रुग्णांवर तसा गट पाडून पाहणे आता नीतीलाही धरून होणार नाही. म्हणूनच २०१७ च्या आंतरराष्ट्रीय मार्गदर्शक सूचनांत फरक केलेला आहे. हाताचे काम, पायाचे काम, संवेदना आणि लघवीवरचे नियंत्रण यांना मिळून १८ गुण देतात. १४ किंवा त्याहून कमी गुण असतील तर शस्त्रक्रिया करावी, १५ ते १७ असतील तर शस्त्रक्रिया किंवा देखरेखीखालील व्यायाम यांपैकी काहीही निवडता येईल, आणि प्रकृती खालावली तर शस्त्रक्रिया करावी, असे त्या म्हणतात. सौम्य दर्जात आपले म्हणणे टिकते. पण तिथेही ‘थांबा’ याचा अर्थ ‘घरी जा’ असा होत नाही. दर काही महिन्यांनी तेच दहा सेकंद पुन्हा मोजले पाहिजेत.

सौम्य दर्जाच्या रुग्णाचे काय करावे याचे निर्विवाद उत्तर आज वैद्यकाकडे नाही, आणि ते असल्याचा आव या दोघांपैकी कोणी आणला नाही, ही त्यांच्या वादातली सर्वांत आदरणीय गोष्ट आहे. मात्र संवादाचा शेवटचा भाग या सर्वांपेक्षा महाराष्ट्राच्या अधिक जवळचा आहे, कारण तो झिजेच्या कारणाविषयी आहे.

कुटुंबवैद्य : झिजेचे कारण शोधत लोक मोबाइलपर्यंत येऊन पोचले आहेत. मान साठ अंशांनी वाकवली तर तिच्यावर सुमारे २७ किलोचा भार पडतो हा आकडा २०१४ साली हंसराज यांनी संगणकावर मांडलेल्या गणितातून आलेला आहे. तो कोणाच्या मानेत मोजलेला नाही. वाकून बसल्याने मान दुखते हे खरे, पण त्याने मणके झिजतात असे दाखवणारा पुरावा फार कच्चा आहे. उलट १९९९ साली सॅम्ब्रुक आणि सहकाऱ्यांनी जुळ्या भावंडांच्या मानांची तुलना केली, तेव्हा मानेच्या चकत्यांच्या झिजेत माणसामाणसांत दिसणाऱ्या फरकाचा सुमारे ७३ टक्के वाटा आनुवंशिकतेचा निघाला. जे आईबापांकडून आले त्यासाठी माणसाच्या कामाला दोष का द्यायचा?

शल्यविशारद : कारण तो आकडा ज्या लोकांवरून काढला, त्यांच्यात डोक्यावर पोती वाहणारे कोणी नव्हते. आनुवंशिकतेचा वाटा हा माणसाच्या शरीरातला ठरलेला हिस्सा नसतो; तपासलेल्या लोकांच्या राहणीत जितका फरक कमी, तितका तो वाटा मोठा दिसतो. ब्रिटन आणि ऑस्ट्रेलियातल्या जुळ्या बहिणींचे दिवस बहुतांशी सारखेच जात असतील, तर उरतो तो रक्ताचा फरक. त्यांपैकी एका बहिणीने तीस वर्षे डोक्यावर ओझे वाहिले असते तर गणित निराळे आले असते. घानामध्ये डोक्यावरून ओझी वाहणाऱ्यांच्या मानांची तुलना इतरांशी केली गेली, तेव्हा वाहणाऱ्यांत झीज कितीतरी अधिक सापडली. सर, बाजार समितीतल्या हमालाला, बंदरातल्या माथाड्याला, विहिरीवरून दोन-दोन हंडे एकावर एक आणणाऱ्या बाईला ‘वयाप्रमाणे आहे’ असे सांगणे हे वैद्यकदृष्ट्याही अपुरे आहे.

कुटुंबवैद्यांना या मुद्द्यावर उत्तर शोधावे लागले, आणि ते साहजिक होते. महाराष्ट्राने १९६९ साली माथाडी, हमाल व इतर श्रमजीवी कामगारांसाठी स्वतंत्र कायदा केला. ज्या शब्दाने हा कामगार ओळखला जातो त्यातच त्याचा माथा आहे. पुण्यात बाबा आढाव यांच्या नेतृत्वाखाली हमाल पंचायत उभी राहिली. आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेने १९६७ सालच्या शिफारशीत प्रौढ पुरुषाने हाताने वाहायच्या ओझ्याची कमाल मर्यादा ५५ किलो असावी असे सुचवले. एकेकाळी क्विंटलचे पोते पाठीवर-डोक्यावर घेऊन फळी चढणारा हमाल हे बाजारातले नेहमीचे दृश्य होते. त्या मानांचे चाळिशीत काय होते, हा प्रश्न कामगार चळवळीने जितक्या कळकळीने विचारला तितक्या कळकळीने तो दवाखान्यात विचारला गेला नाही.

कुटुंबवैद्य : ओझ्याने झीज लवकर होते हे मानायला हरकत नाही. पण एका विशिष्ट हमालाच्या मानेकडे बोट दाखवून ही झीज ओझ्याचीच, रक्ताची नव्हे, असे कोणता वैद्य शपथेवर सांगेल? डोक्यावर काही न वाहिलेल्या शाळामास्तराचीही मान पंचावन्नाव्या वर्षी तशीच दिसते, हे तुम्हीच मान्य केले आहे.

शल्यविशारद : शपथेवर सांगता येणार नाही. पण ज्याच्या मुठीची उघडमीट दहा सेकंदांत बारावर आली आहे त्याने उद्यापासून डोक्यावर पोते घ्यायचे नाही, मग शस्त्रक्रिया होवो वा न होवो, हे शपथेवर सांगता येते. आणि तो माणूस मुकादमाकडे हलके काम मागायला जाईल तेव्हा त्याच्या हातात वैद्याचा कागद असेल. त्या कागदावर ‘वयोमानानुसार झीज’ एवढेच लिहिलेले असेल, तर मागणी तिथेच संपते. म्हातारा झालास, घरी बस, असे त्याला ऐकावे लागते. त्या जागी किती वर्षे, किती वजनाचे, दिवसाला किती फेऱ्यांनी ओझे वाहिले, कोणत्या मणक्यांपाशी दाब आहे आणि हाताची पकड किती उतरली आहे, हे लिहिता येईल.

कुटुंबवैद्य : वर्षे, वजन, फेऱ्या आणि पकड, हे सारे लिहिले जाईल. डोक्यावर ओझे वर्ज्य, हेही. कारणाच्या रकान्यात मात्र ‘ओझे’ असा एकच शब्द लिहायला हात धजणार नाही.

शल्यविशारद : मग दोन्ही लिहा, सर. ‘वय आणि ओझे’. त्या दोहोंपैकी कशाचा वाटा किती, हे माथाडी मंडळापुढे मांडायला त्याला निदान एक कागद तरी मिळेल.

कुटुंबवैद्यांनी ‘वय’ या शब्दाआधी ‘ओझे’ यायला हवे का, असे विचारले. आणि त्या क्रमावर दोघांचे एकमत झाले नाही.